मी त्या रात्री बोटीवर नव्हतो

मी कंदील बोलतोय. घरात खुंटीला टांगतात तसला नव्हे. लढाऊ बोटीच्या शेपटाला लावायचा, पितळेचा, जाड काचेचा, एका हाताने उचलला तर खांदा भरून येईल असा.

मी सावकाश सांगणार आहे. ज्यांना घाई असेल त्यांनी ज्ञानकोशातला माझ्याबद्दलचा मजकूर वाचावा. तो थोडक्यात आहे, देखणा आहे, आणि त्याला तारासुद्धा मिळालाय. फक्त तो खरा नाही.

मला अक्षरं येत नाहीत. गंमत बघा, किती लोकांनी माझ्या उजेडात वाचलं, लिहिलं, पण मी अडाणीच राहिलो. तेव्हा जे डोळ्यांसमोर घडलं आणि जे कानावर पडलं तेवढंच सांगतो. बाकी माझ्यापाशी काही नाही.

मला एका तांबटाने घडवलं. बंदराच्या मागच्या गल्लीत त्याचं दुकान होतं. एक ठोका मारायचा, कान लावून ऐकायचा, मग दुसरा मारायचा. आवाज मनासारखा आला की स्वतःशीच मान हलवायचा. शेवटी त्याने मला उलटं केलं आणि बुडाशी बोटीचं नाव ठोकलं. नाव भारदस्त होतं, पण बंदरातली माणसं त्या बोटीला नुसती 'थोरली' म्हणायची. तिच्याच बांधणीची एक लहान बोट दुसऱ्या बंदरात होती, म्हणून ही थोरली.

थोरलीवर माझी देखभाल करायला एक माणूस होता. त्याला सगळे बत्तीवाला म्हणत. बोटीवरच्या साऱ्या दिव्यांचं तेल, वात, काच त्याच्याकडे. किडकिडीत, बोलका, आणि अंगाला कायम तेलाचा वास. त्याची बायको म्हणायची, "तुमच्या जवळ काडी ओढायची म्हणजे जिवाची भीती." तो हसायचा आणि म्हणायचा, "पेटलो तर निदान उजेड तरी पडेल घरात."

माझी जागा बोटीच्या अगदी पाठीमागे. मागून येणाऱ्या बोटीने आपल्यावर आदळू नये म्हणून लावलेला दिवा मी. याच्याइतकं निरुपद्रवी काम जगात दुसरं कुठलं असेल, मला तरी माहीत नाही.

मग लढाई सुरू झाली. समुद्रावर उजेड दाखवायचा नाही, असा हुकूम आला. बत्तीवाल्याने एकेक दिवा विझवून कपाटात ठेवला. मला ठेवताना म्हणाला, "तू झोप आता. तुझा बर्नरही खराब झालाय. रिकामाच आहेस, तर तुला दुरुस्त करून घेतो."

एका सकाळी त्याने मला बोटीवरून उतरवून तांबटाच्या दुकानात आणलं. एका हातात मी आणि खांद्यावर त्याची पोरगी. चार-पाच वर्षांची असेल. बापाचे केस दोन्ही मुठींत धरून बसली होती.

"तांबटदादा, याची वात वर येते आणि मध्येच अडकते," बत्तीवाला म्हणाला.

"लढाईत दिवे लावतोस कुठे तू? घाई कसली आहे?"

"लढाई काय जन्मभर चालणार आहे? संपली की पहिल्या दिवशी हाच लावायचा मला."

तांबटाने मला मांडीवर घेतलं आणि बारीक करवतीने जुना बर्नर मुळापासून कापून काढला. कापताना मी किंचाळलो, तेव्हा पोरगीने कान झाकून घेतले. "रडतोय तो," ती म्हणाली. बाप म्हणाला, "रडत नाही गं, दात काढतायत त्याचा." नवा बर्नर बसवायला दोन दिवस लागणार होते. "आल्यावर नेतो," असं म्हणून तो गेला.

त्याच संध्याकाळी थोरलीला अचानक हुकूम आला आणि ती निघून गेली. मी तांबटाच्या फळीवर होतो. वात बसवायची जागा म्हणजे नुसतं भोक, त्यात एक गांधीलमाशी शिरून बसली होती.

त्यानंतर थोरली बुडाली. बातमी आली तेव्हा तांबट पातेल्याचा पोचा काढत होता. हातोडी त्याच्या हातातच राहिली. मग त्याने वर माझ्याकडे पाहिलं.

थोडी माणसं परत आली. त्यांत कप्तान होता आणि कप्तानाचा कुत्रा होता. दोघं पहिल्याच होडीत बसले होते. बत्तीवाला आला नाही.

चौकशी झाली. बोट शत्रूला दिसली कशी, असं कप्तानाला विचारलं. तो म्हणाला, "बत्तीवाल्याने मागचा कंदील उघडा ठेवला होता. पेटलेला." विचारणाऱ्यांनी ते लिहून घेतलं. बत्तीवाला समुद्राच्या तळाशी होता, तो काय नाही म्हणणार? पुढे कप्तानाने जाडजूड पुस्तक लिहिलं, त्यातही हेच लिहिलं.

शत्रूला खरोखर कुठला उजेड दिसला, की उजेड न दिसताच त्याने बोट शोधली, ते मला ठाऊक नाही. मी तिथे नव्हतो. मी तिथे नव्हतो, एवढंच तर मला सांगायचंय.

तांबट साधा माणूस. तो मला कापडात गुंडाळून बंदराच्या कचेरीत घेऊन गेला. म्हणाला, "साहेब, मागचा कंदील हा. बुडाशी नाव बघा. हा माझ्या दुकानात होता. बिचाऱ्या बत्तीवाल्यावर आळ नको."

कचेरीतल्या माणसाने मला उलटं करून नाव वाचलं. मग विचारलं, "म्हणजे सरकारी माल तुझ्या घरात आहे?"

"दुरुस्तीला होता, साहेब."

"पावती?"

बत्तीवाला आणि तांबट यांच्यात पावत्या कधी नव्हत्याच. त्यांनी तांबटाला आत बसवलं. माल कुणी दिला, किती दिला, आणखी काय काय लपवलंय, असं विचारत राहिले. आतून आवाज येत होते. बाहेर आला तेव्हा त्याच्या उजव्या हाताची बोटं भलत्याच दिशेला वळलेली होती. ज्याने त्याला मारलं त्यानेच मला त्याच्या डाव्या हातात दिलं आणि म्हणाला, "ने हे भंगार. पुन्हा तोंड दाखवू नकोस."

माझा नवा बर्नर त्यानंतर कधी झाला नाही. हातोडी धरायला बोटंच उरली नव्हती. मरण्यापूर्वी तांबटाने मला बत्तीवाल्याच्या बायकोच्या घरी पोचवलं. म्हणाला, "वहिनी, याला सांभाळा. कधी तरी कुणी तरी ऐकेल."

त्या घरात मी पलंगाखाली राहिलो. तिथून मला पाय दिसायचे आणि बोलणं ऐकू यायचं. त्या गल्लीत थोरलीवर बुडालेल्यांची कितीतरी घरं होती. बत्तीवाल्याची बायको कुणाच्या घरी काही मागायला गेली, की त्या घरची बाई उठायची आणि दिवा विझवायची. भांडण नाही, शिवी नाही. नुसती फुंकर. ही बाई अंधारात उभी राहायची, मग परत यायची. येऊन पलंगावर बसायची. तिच्या टाचा माझ्यासमोर असायच्या.

पोरगीला शाळेत मुलं विचारायची, "आज कुणाला बुडवणार?" ती मोठी झाली, तिचं लग्न ठरलं, आणि मोडलं. मुलाच्या आत्याचा नवरा थोरलीवर होता. मुलगा स्वतः येऊन म्हणाला, "माझं काही म्हणणं नाही गं. पण आत्या जेवत नाही." पोरगी म्हणाली, "मग तुझ्या आत्याला जेवू दे." त्यानंतर तिने लग्नाचं नाव काढलं नाही. इस्पितळात चादरी धुण्याचं काम धरलं आणि त्यातच म्हातारी झाली. मी तिला अजून पोरगीच म्हणतो. केस ओढत बापाच्या खांद्यावर बसलेली मी पाहिली आहे ना.

तिची आई गेली तेव्हा तिने मला पलंगाखालून काढलं, पुसलं आणि टेबलावर ठेवलं. म्हणाली, "आता लपवायचं कुणासाठी?"

बंदरावर एक मोठा दगड उभा केलेला आहे. थोरलीवर मेलेल्यांची नावं त्यावर कोरली आहेत. बत्तीवाल्याचं नाही. कप्तानाच्या कुत्र्याचं मात्र आहे, तो जिवंत परतला तरी, खाली कोपऱ्यात. मुलांना आवडतं म्हणे. पोरगीला जन्मात एकच गोष्ट हवी होती, त्या दगडावर बापाचं नाव. मेल्यावर आईला तोंड दाखवायचंय, असं म्हणायची.

दगडाची व्यवस्था बघणाऱ्या मंडळींचा एक अध्यक्ष होता, गोड बोलणारा. घरी आला होता एकदा. मला हात लावून बघितलं आणि म्हणाला, "मावशी, माझ्या हातात असतं तर आजच कोरलं असतं. पण उद्या कुणी विचारलं तर मी काय दाखवू? कोशात अजून त्यांचाच दोष लिहिलाय. तेवढं कोशात बदलून आणा, दुसऱ्या दिवशी छिन्नी लावतो."

"नक्की?"

"तुमची शपथ."

म्हणून तिने मला पिशवीत घातलं आणि आम्ही कोशाच्या कार्यालयात आलो.

हे कार्यालय म्हणजे चार मजल्यांची कागदांची वखार. जगातल्या प्रत्येक गोष्टीवर इथे लेख असतो. त्यातल्या मोजक्या लेखांना तारा मिळतो. तारा म्हणजे या लेखात आता खोड काढायला जागा नाही. पण त्याआधी लेख परीक्षणाला बसतो. काही माणसं टेबलाभोवती बसतात, लेख मोठ्याने वाचला जातो आणि वाक्यावाक्याला थांबून त्याची चिरफाड होते.

थोरलीवरचा लेख लिहिणाऱ्याला इथे बोटवाला म्हणतात. बोटींचं विलक्षण वेड. कुठल्या बोटीला किती तोफा, कुठला बॉयलर, झोपेतून उठवून विचारा. पण बागेतल्या तळ्यात पायाने चालवायच्या होडीत बसला तेव्हाही त्याला ओकारी झाली होती. हे सांगते स्वल्पविरामबाई. ती भाषा तपासते. आणि मुख्य परीक्षक म्हणजे संदर्भसाहेब. त्याचं खरं नाव दारावर असेल, पण घेत कुणी नाही. वाक्य कुठलंही असो, तो विचारणार, "संदर्भ?" शिपाई म्हणतो, साहेबांना कुणी सांगितलं की बाहेर ऊन आहे, तरी आधी संदर्भ मागतील, मग छत्री घेतील.

लेखावर कुणाला हरकत घ्यायची असेल तर परीक्षणाच्या दिवशी यायची मुभा असते. आम्ही गेलो. पोरगीने मला पिशवीतून काढून टेबलावर ठेवलं. माझं वजन तिला झेपलं नाही, मी जरा आदळलो आणि संदर्भसाहेबाच्या कपातला चहा बशीत आला.

"अहो आजी, कागद आहेत!" स्वल्पविरामबाई ओरडली.

"पुसते हं, पुसते." पोरगीने स्वतःच्या रुमालाने टेबल पुसलं.

"आपण कोण?" संदर्भसाहेबाने विचारलं.

"बत्तीवाल्याची मुलगी."

"मग आपल्याला बोलता येणार नाही."

"का हो? मी काय मुकी आहे?"

"आपण नातेवाईक. नातेवाइकांचं म्हणणं धरायचं नाही, असा इथला नियम आहे. ज्याचा काही संबंध नाही तोच निःपक्षपाती."

"अहो, ज्याचा संबंध नाही त्याला कळणार कसं काय झालं ते?"

"तो वाचतो," संदर्भसाहेब म्हणाला. त्याने आवाज चढवला नव्हता. या माणसाने कधीच आवाज चढवला नाही, हेही सांगून ठेवतो. "बसा तिकडे खुर्चीवर. ऐकायला हरकत नाही."

ती बसली. बोटवाला वाचू लागला. बोटीची लांबी झाली, रुंदी झाली. वजन पाण्यासकट की पाण्याशिवाय, यावर बराच वेळ गेला. मग कप्तानाचा कुत्रा आला. एका पुस्तकात तो तपकिरी होता आणि दुसऱ्यात काळा. संदर्भसाहेब म्हणाला, असं मोघम सोडता येणार नाही. कपाटातून आणखी पुस्तकं आली. शेवटी 'गडद तपकिरी' असं ठरलं. स्वल्पविरामबाईला गहिवरून आलं, म्हणाली, "मुका जीव, त्याच्यावर अन्याय नको."

पोरगी हे सगळं मान डोलावत ऐकत होती. तिला बरं वाटत होतं. कुत्र्याच्या रंगासाठी एवढं बघतात, तर माझ्या बापासाठी किती बघतील, असं तिच्या मनात आलं असणार. मला तिचा चेहरा दिसत होता.

बोटवाल्याने पुढचं वाक्य वाचलं. "बत्तीवाल्याच्या हलगर्जीपणामुळे मागचा कंदील पेटता राहिला आणि बोट शत्रूच्या दृष्टीस पडली."

"संदर्भ?"

"पाच आहेत."

"पुढे."

एवढंच. कुत्र्याला लागला त्याच्या शंभराव्या हिश्शाएवढाही वेळ बत्तीवाल्याला लागला नाही. त्या पाचांतलं पहिलं पुस्तक कप्तानाचं, आणि उरलेल्या चौघांनी कप्तानाचं वाचून लिहिलेलं.

पोरगी उठली. "थांबा हो. तो मागचा कंदील म्हणजे हाच. बुडाशी नाव आहे. हा त्या दिवशी तांबटाकडे होता. मी बरोबर गेले होते. बोटीवर नव्हताच हा!"

संदर्भसाहेबाने चष्मा पुसला. "आजी, वस्तू हा संदर्भ नव्हे. वस्तूबद्दल कुणी छापलेलं असेल, तर ते दाखवा."

"छापलेलं कशाला? डोळे आहेत ना तुम्हाला? हे बघा, वात लावायला जागाच नाही याला. बर्नर करवतीने कापलाय. कशी सरळ रेघ आहे बघा."

"समुद्रात झिजला असेल."

"समुद्राकडे करवत असते का?"

स्वल्पविरामबाई खुदकन हसली आणि साहेबाने पाहिल्यावर गप्प झाली.

"बरं, पेटवून दाखवा मला," पोरगी म्हणाली. तिने खिशातून काडेपेटी काढली. घरूनच आणली होती. "तुम्ही एवढे शिकलेले. पेटवा हा कंदील. पेटला तर मी माझ्या बापाला दोष देईन आणि जाईन."

"काडेपेटी?" संदर्भसाहेब पहिल्यांदाच खुर्चीतून उठला. "इथे? कागदांच्या कार्यालयात?" शिपायाने येऊन काडेपेटी काढून घेतली. पोरगी म्हणाली, "अहो, जाताना द्या परत."

"शिवाय," साहेब बसत म्हणाला, "आपल्या वडिलांचं नाव बंदरावरच्या दगडावरही नाही. का नसेल, याचा विचार करा."

"तुमच्या कोशात तसं लिहिलंय म्हणून नाही!"

"बघा. म्हणजे दोन्हीकडे जुळतं."

ती खुर्चीची पाठ धरून उभी राहिली. आता निघेल असं मला वाटलं. तेवढ्यात बोटवाला टेबलाला वळसा घालून माझ्याजवळ आला. इतका वेळ तो माझ्याकडेच बघत होता. त्याने माझ्या कडीवरून बोट फिरवलं. मला उलटं करून नाव वाचलं आणि लहान मुलासारखा श्वास घेतला.

मला नंतर कळलं की त्या लेखाला तारा मिळायला एकच अडचण होती. लेखाला चित्र नव्हतं. थोरलीचा एकही फोटो कुणाकडे उरला नव्हता.

"आजी, याचा फोटो काढू का?"

पोरगीच्या डोळ्यांत पाणी आलं. "काढा की. सगळ्या बाजूंनी काढा. बर्नरची जागा नीट येऊ द्या."

"आणि हा इथे ठेवला तर? चांगल्या जागी ठेवू. काचेच्या पेटीत."

"ठेवा. तुमच्याकडेच बरा. मी आज आहे, उद्या नाही. फक्त खाली नीट लिहा हो, हा कुठे होता ते."

"लिहितो," बोटवाला म्हणाला. तो खोटं बोलत नव्हता. त्याला खरंच वाटत होतं की आपण नीटच लिहिणार आहोत.

ती गेल्यावर तो लिहायला बसला. कंदील इथे आला कसा, हे लिहायला हवं होतं. तांबटाची गोष्ट लिहिता येत नव्हती, ती कुठे छापलेली नव्हती. पण एका पुस्तकात एक ओळ होती, की पाणबुड्यांनी थोरलीवरच्या काही वस्तू वर काढल्या. मग त्याने लिहिलं, 'हा कंदील त्या वस्तूंपैकी एक असावा.' स्वल्पविरामबाईने तो 'असावा' खोडला. ताऱ्याच्या लेखात असावा, बहुधा, कदाचित हे चालत नाही. लेख डळमळीत वाटतो. तिथे 'आहे' झालं. मग माझ्याबद्दल पुस्तकांत जे लिहिलेलं होतं ते खाली आलं. संदर्भ पाच. पुढे.

लेखाला तारा मिळाला. शिपायाने बेकरीतून केक आणला. मला पेटीत ठेवून डोक्यावर विजेचा बल्ब लावला. जन्मभर उजेड देणाऱ्यावर दुसऱ्याचा उजेड पडला की कसं वाटतं, ते मी सांगत नाही.

काही दिवसांनी पोरगी आली. चांगले कपडे घालून, बिस्किटांचा पुडा घेऊन. अध्यक्षाला सांगून आली होती की छिन्नीवाल्याला निरोप द्या. पेटीसमोर उभी राहून हसली माझ्याकडे बघून. चष्मा विसरली होती. बोटवाल्याला म्हणाली, "बाळा, वाच की मला खाली काय लिहिलंय ते. मोठ्याने वाच."

बोटवाल्याने वाचलं. त्याचा लेख होता, अभिमानाने वाचला. "युद्धनौकेचा मागचा कंदील. पाणबुड्यांनी समुद्रतळातून वर काढलेला आहे. बत्तीवाल्याने हाच कंदील पेटता ठेवल्यामुळे बोट बुडाली. सध्या कोशाच्या कार्यालयात जतन केलेला आहे."

मग त्याने वर, तिच्या चेहऱ्याकडे पाहिलं.

 पोरगीने बिस्किटांचा पुडा हळूच पेटीवर ठेवला. कुणी तरी म्हणालं, काचेवर काही ठेवू नका. तिने तो परत उचलला.

"माझा कंदील मला परत द्या," ती म्हणाली.

संदर्भसाहेब आतून आला. त्याने तिला खुर्ची दिली, पाणी मागवलं. माणूस वाईट नाही हो. मग समजावून सांगितलं, "आजी, ते आता शक्य नाही. लेखात लिहिलंय की कंदील कोशाच्या कार्यालयात आहे. तो तुमच्या घरी गेला तर ते वाक्य खोटं ठरेल. ताऱ्याच्या लेखात खोटं वाक्य आम्हाला ठेवता येत नाही."

तिने त्याच्याकडे असं पाहिलं, जणू हा थट्टा करतोय का ते शोधतेय. तो थट्टा करत नव्हता.

"ते वाक्य खोटं ठरेल," ती हळू म्हणाली.

"हो."

"आणि दुसरं?"

"दुसऱ्याला पाच संदर्भ आहेत."

ती त्यानंतरही येत राहिली. पेटीसमोर उभी राहायची, जरा वेळाने जायची. शाळेच्या सहली यायच्या, बाई मुलांना सांगायच्या, "बघा, एका माणसाच्या निष्काळजीपणाने केवढं नुकसान होतं." पोरगी मागे सरकून मुलांना जागा करून द्यायची. एकदा एका मुलाने तिला विचारलं, "आजी, तुम्हाला हे आवडतं का?" ती म्हणाली, "माझ्या ओळखीचा आहे." पुढे ती यायची बंद झाली.

मग एक दिवस बोटवाला चहा पिताना साहेबाला म्हणाला, "त्या कंदीलवाल्या आजी वारल्या म्हणे."

साहेबाने कागदावरून मान वर केली नाही. "संदर्भ?" म्हणाला.

बोटवाला कप घेऊन खिडकीपाशी गेला आणि पाठमोरा उभा राहिला. दुसऱ्या दिवशी तो एका दुसऱ्या बोटीवर लिहू लागला.

आता मी पेटीत आहे. शिपाई रोज काच पुसतो. माझं पितळ चकाकतं. समुद्रात इतकी वर्षं राहूनही किती छान राहिलाय, असं येणारे म्हणतात. त्यांतल्या एकालाही पुढचा प्रश्न पडत नाही.

तुमच्याकडे माझं फार मागणं नाही. म्हातारा झालोय, कुणावर राग धरायचं वय राहिलं नाही. कधी इकडे आलात तर खालचं वाचायच्या आधी जरा वाका आणि माझ्या पोटात बघा. वात कुठे लावायची, ती जागा शोधा. एक काडी खिशात असली तर बरं. पण इथे ती काढून घेतील. पोरगीची काडेपेटी अजून शिपायाच्या खणातच आहे. पुन्हा कुणी मागितली नाही, म्हणून त्याने दिली नाही.